आबोली भिंत

बोरी बुद्रुक
२८ जुलै २०२४

सिद्धे, जय भीम.

आहेस ना? का विसरलीस? जालन्याचा पत्ता तुझ्या रीनावहिनीकडून काढला. साध्वी महासतीजींबरोबर गावोगाव पायी फिरत होतीस तोवर ठीक होतं. आता चातुर्मासाचे चार महिने एकाच जैन स्थानकात बसणार आहेस, तेव्हा उत्तर न द्यायला सबब नाही. तू मोबाइल सोडलास, मी काही बोलले नाही. पण पोस्टमननं तुझं काय घोडं मारलंय?

बातमी ऐक. मागच्या आठवड्यात काकूंचा फोन आला. तुझ्या मम्मीचा आवाज ऐकून मी हातातला ब्रश खालीच ठेवला. तू दीक्षेच्या तयारीला वैरागन होऊन गेलीस तेव्हापासून त्या मला बाजारात दिसल्या तरी मान फिरवून पुढं जायच्या. मला बघून तू आठवत असशील, दुसरं काय. तर म्हणाल्या, "अमृता, सिद्धीची खोली रंगवायची आहे. तू ते स्पंजचं करतेस ना, तसंच पाहिजे. दुसऱ्या कुणाला पाठवू नकोस, तूच ये."

गेले. दुकानाच्या वरची ती मधली खोली, पलंगावर प्लास्टिक टाकलेलं, कपाट रिकामं. बी.कॉम.चा सगळा अभ्यास आपण तिथं केला, म्हणजे तू केलास आणि मी काकूंच्या डब्यातले खाकरे संपवले. काकूंपुढं शेड कार्ड धरलं तर त्यांनी ते उघडलंसुद्धा नाही. म्हणाल्या, "आबोली."

खोली अंधारी आहे, म्हणून खाली मोतिया रंगाचे दोन हात मारले आणि वरून आबोलीचं स्पंजकाम धरलं. आमच्या दादांनी लेकीच्या कामासाठी पुण्याहून मुद्दाम समुद्रातला खरा स्पंज आणून दिला. लई मऊ असतो, त्याची भोकं वेडीवाकडी, त्यामुळं ठसा ढगासारखा उमटतो. रंगात बुडवायचा, कागदावर टिपायचा आणि भिंतीला हलकेच लावायचा. दर वेळी मनगट जरा फिरवायचं, म्हणजे एका ठशासारखा दुसरा येत नाही. एक भिंत पुरी झाली. काकू सारा वेळ दारात उभ्या होत्या, चहासुद्धा तिथंच आणून दिला.

सिद्धे, पोरीची खोली कुणी उगाच रंगवतं का? सगळ्या नारायणगावाला माहीत आहे, तुझ्या दीक्षेला तुझ्या पप्पांनी, केवलकाकांनी, हो म्हटलंय आणि काकू अजून तोंड उघडत नाहीत. आईबापाच्या आज्ञेशिवाय दीक्षा होत नाही, हे तूच मला सांगितलेलं. काकू काही हलायच्या नाहीत. मग तू हल. दोन वर्षं फिरलीस, पुष्कळ झालं. परत ये. मला गोड बोलता येत नाही, म्हणून सरळ लिहिते.

हायवेला टोमॅटोच्या गाड्यांनी वाट लावलीय आणि आमच्या उसात बिबट्या आहे, म्हणून दादा मला उजेडातच गाडी काढायला लावतात. आता थांबते.

तुझी
अमू


जालना
९ ऑगस्ट २०२४

अमू, जय जिनेंद्र.

आहे, आहे. विसरलेली नाही. तुझं पत्र स्थानकाच्या पायरीवर बसून वाचलं आणि खाकऱ्यांपाशी एवढी मोठ्यानं हसले की आतून महासतीजींनी विचारलं, "काय झालं?" मी सांगितलं, "माझी मैत्रीण." त्या म्हणाल्या, "मग ठीक."

माझं बरं चाललंय. पहाटे उठायचं, प्रतिक्रमण, मग पाठांतर. महासतीजी आता फार थकल्यात, त्यांचे पाय दाबून द्यायचे. दुपारी पुन्हा पाठांतर. मला शाळेत पाढे पाठ होत नव्हते, आठवतंय ना? इथं शास्त्रातली गाथा पाठ होते आणि माझा माझ्यावरच विश्वास बसत नाही. उपवास करणाऱ्यांची तर इथं अशी अहमहमिका, की तुझ्यासारखी खादाड दुसऱ्या दिवशीच पळून जाईल.

मम्मीनं कार्ड न उघडता आबोली म्हटलं, हे मी परत परत वाचलं. मला वाटायचं, माझ्या आवडीनिवडी तिनं रागानं टाकून दिल्या असतील.

एक सांगू का? रागावू नकोस. तू लिहिलेला समुद्रातला स्पंज झाडपाला नव्हे, तो जीव असतो गं. आमच्या पाठशाळेत एका ताईंनी शिकवलं. त्याला काढून, वाळवून त्याचा सांगाडा विकतात. तुला माहीत असतं तर तू घेतला नसतास, मी तुला ओळखते. पण आता त्या भिंतीवरचा एकेक ठसा त्याचाच. भिंत तशीच राहिली तर त्या खोलीत मी पाय कसा ठेवू?

आणि माझं एक काम कर. मम्मी माझ्या पत्रांना उत्तर देत नाही. पप्पा म्हणतात, वेळ लागेल. तुला तिनं स्वतःहून बोलावलंय, म्हणजे तुझं ती ऐकेल. तिला समजाव. ती हो म्हणेपर्यंत महासतीजी दीक्षा द्यायच्या नाहीत आणि मला दुसरं काहीच नको आहे. अमू, मी तुझ्याकडं आजवर कधी काही मागितलं नाही.

तुझी
सिद्धी


बोरी बुद्रुक
२५ ऑगस्ट २०२४

सिद्धे!

"त्या खोलीत पाय कसा ठेवू" म्हणालीस! म्हणजे पाय ठेवायचा विचार आहे तर! मी ते पत्र तसंच हातात घेऊन मोटारसायकलवर बसले आणि थेट तुमच्या घरी. काकूंना स्वयंपाकघरात गाठून तेवढा भाग वाचून दाखवला. त्यांनी गॅस बंद केला, हात पुसले, म्हणाल्या, "परत वाच." परत वाचलं. मग त्या भिंतीकडं तोंड करून रडल्या. मीही रडले, त्यात काय लपवायचं? डोळे पुसून झाल्यावर म्हणाल्या, "खोलीतली ती भिंत घासून काढ. नवीन कर."

झालं! दुसऱ्या दिवशी पॉलिश पेपर घेऊन सगळी भिंत घासली. धूळ नाकातोंडात, केसांत, रीनावहिनीच्या पापडांवर. वहिनी पापड झटकत माझ्याकडं बघत राहिल्या. पुन्हा प्रायमर, पुन्हा मोतिया. दादा तर माझ्यावर खवळलेच. "आगं, स्पंज म्हंजी जनावर? मी काय बोकड आणला का पुण्याहनं? असं बघाया लागलं तर ब्रशाचं केसबी कुनाचं तरी असत्यात!" ते ऐकून मी घाबरले आणि कपाटातले डुकराच्या केसाचे ब्रश गोणीत भरून ठेवले. तुमच्या घरी आता फक्त नायलॉन आणि रोलर.

जुन्या गादीतला फोम घेतलाय. तो कापला की कडा सरळ येतात आणि भिंतीवर चौकोन चौकोन उमटतात, बिस्किटासारखे. म्हणून कडेनं चिमटे काढून काढून तो खडबडीत करावा लागतो. काकू शेजारी बसून चिमटे काढतात. तुझी मम्मी, जी कुणाच्या चपला दारात वाकड्या दिसल्या तरी सरळ करते, ती जमिनीवर मांडी घालून फोमचा भुगा करतीय आणि म्हणतीय, "एवढा बस का गं?" लई बरं वाटतं बघायला. नवीन पडदा आणलाय. गादी उन्हात टाकली. मला विचारलं, "सिद्धीला पंखा चालतो की नाही आता?" मी म्हटलं, आल्यावर तिलाच विचारा.

कधी येतेस ते कळव, म्हणजे तोवर रंगाचा वास जाईल.

अमू


जालना
१२ सप्टेंबर २०२४

अमू,

पर्युषण झालं, संवत्सरी झाली. मिच्छामि दुक्कडम्. कळत नकळत तुला दुखवलं असेल तर मनापासून क्षमा मागते. दर वर्षी हे मी तुला तोंडी म्हणायचे आणि तू म्हणायचीस, "मान्य, पण चॉकलेट दे." या वर्षी खरंच मागते, कारण आता जे लिहिणार आहे त्यानं तू दुखावशील.

मी राहायला येत नाही, अमू. दीक्षेच्या आधी एकदा घरी यायचं, आईवडिलांच्या पाया पडायचं, तेवढ्यासाठी पाय ठेवण्याची गोष्ट मी लिहिली होती. तुझं पत्र तीनदा वाचलं. गादी उन्हात टाकली, पडदा आणला. हे काय झालं माझ्या हातून!

मी सांगितलेल्या कामाबद्दल तू एक अक्षर लिहिलं नाहीस. तू ते वाचलंस आणि मम्मीला तेवढंच वाचून दाखवलं नाहीस, हेही मला समजलं. मी तुला दोष देत नाही.

पण आता तिला खरं सांग. दिवस जातील तसतशी ती आशा धरून बसेल आणि मग तिला जास्त लागेल. मी कागदावर लिहिलं तर ती एकटी वाचेल. तू सांगितलंस तर जवळ तरी असशील. एवढं कर.

सिद्धी


बोरी बुद्रुक
२९ सप्टेंबर २०२४

सिद्धी,

मी नाही सांगणार. तुझं ओझं तू उचल. मी पेंटर आहे, निरोप्या नाही.

तू तिकडं गाथा पाठ करतेस. इथं काय चाललंय ते ऐक. काकूंना मी फोम हातात दिला. त्यांनीच मागितला, "एकदा मला करू दे." मी दाखवलं, हलकं धरा, पुढं सरका. पण त्या पुढं सरकेचनात. एकाच जागी थोपटत राहिल्या. लहान मूल झोपवताना थोपटतात ना, तशा. पलंगाच्या उशाकडं तेवढी जागा भडक आबोली झाली. काम म्हणून बघितलं तर बिघडलेलं. दादा असते तर वरून मोतिया मारून पुन्हा करायला लावलं असतं. मी तसंच ठेवलं. आता या बाईला मी जाऊन सांगू, की काकू, उठा, ती येत नाही? तुझी जीभ रेटते का? मग माझी कशी रेटेल?

मला तुझा राग येतो तो का, तेही सांगते. आमच्या घरात भिंतीवर बाबासाहेबांशेजारी बुद्धाची तसबीर आहे. मी रोज हात जोडते. त्यांनीही घर सोडलं होतं, बायकापोरं सोडली होती. तेव्हा मला कधी राग नाही आला! तुझ्या वेळीच का येतो, हे मी आमच्या बनाआजीला विचारलं. आजी भाकरी थापत होती. म्हणाली, "तसबिरीतल्या मान्साच्या आईला आपुन कुठं बगितलंय? हिच्या आईला तू रोज बगतीस."

घर सोडणाऱ्याच्या पाया पडायला गाव लोटतं. मागं राहिलेल्या आईला कोण विचारतं, सांग ना? तुला काय कमी होतं इथं? कुणी दुखवलं? लग्नाचा धोसरा लावला होता का? मला सांगायचं होतंस, मी भांडले असते सगळ्यांशी.

क्षमा मागितलीस, केली. चॉकलेट नको.

अमृता


जालना
१४ ऑक्टोबर २०२४

अमू,

तू "अमृता" अशी सही केलीस. शाळेपासून पहिल्यांदा.

मला कुणी दुखवलं नाही. काही कमी नव्हतं. लोकांना वाटतं, पोरगी दीक्षा घेते म्हणजे प्रेमात फसली असेल, नाहीतर कुणीतरी डोक्यात भरवलं असेल. मला तर घर फार आवडायचं. दुकानात पप्पांच्या शेजारी बसून कापडाच्या थानांच्या घड्या घालायला आवडायचं. पण महासतीजी पहिल्यांदा आपल्या गावात आल्या आणि मी त्यांच्याजवळ बसले, तेव्हा मला इतकं शांत वाटलं की घरी येऊन रडू आलं. त्यानंतर घरातलं सगळं आवडत असूनही मी तिथं पाहुण्यासारखीच राहिले. याहून चांगलं मला सांगता येत नाही. तुझ्या हातात स्पंज आला की तू जेवायचं विसरतेस, त्याचं कारण तरी तुला सांगता येतं का?

माझं ओझं मी उचलायचं, हे तुझं बरोबर आहे. काल मम्मीला पत्र टाकलं. सगळं स्पष्ट लिहिलं. मी राहायला येणार नाही, मला तुझी आज्ञा हवी आहे, आणि तू नाही म्हणालीस तर मी वाट बघेन, दुसऱ्या कुठल्या मार्गानं दीक्षा घेणार नाही. पत्र पेटीत टाकलं आणि परत काढता येईल का म्हणून फटीत बोटं घालून बघितली.

ते पोचेल त्या दिवशी तिथं जा. भांडायला जा, रंग लावायला जा, कशाला पण जा. तिला एकटी सोडू नकोस.

उशाकडची ती जागा तशीच ठेवलीस, म्हणून तुझे पाय धरावेसे वाटले.

सिद्धी


बोरी बुद्रुक
१० नोव्हेंबर २०२४

सिद्धे,

गेले होते. मुद्दाम आता लिहिते, कारण दिवाळी होईपर्यंत हातात बळ नव्हतं.

पत्र आलं त्या दिवशी मी सकाळपासून छताच्या कडेची पट्टी रंगवायचं नाटक करत होते. काकूंनी पाकीट फोडलं, उभ्याउभ्या वाचलं, घडी घातली आणि डाळ निवडायला बसल्या. मी शिडीवरून उतरले. म्हटलं, "काकू?" तर मलाच म्हणाल्या, "तू बस. तुला घेरी येईल."

त्यांना माहीत होतं गं! पहिल्यापासून. मी नाचत नाचत ते "पाय कसा ठेवू" वाचून दाखवलं ना, तेव्हाच त्यांना कळलं होतं तू कुठल्या येण्याबद्दल लिहितेस. दीक्षेच्या आधी पोरगी घरी येऊन पाया पडते, हे त्यांना कोण शिकवणार? म्हणून रडल्या त्या. आणि मी शहाणी समजले की आनंदानं रडतायत. मी विचारलं, मग मला सांगितलं का नाही? म्हणाल्या, "तुझं तोंड एवढं फुललं होतं. म्हटलं, हिला तरी चार दिवस सुखानं रंगवू दे."

"मग रंगकाम कशाला काढलंत?" मी ओरडलेच जवळजवळ. तर शांतपणे म्हणाल्या, "लग्न असतं तर काढलं नसतं का? घरातून मुलगी जाते तेव्हा घर रंगवतात, बेटा. माझी पण जातीय."

सिद्धे, मला वाटत होतं मी तुझं येणं रंगवतेय. मी तुझं जाणं रंगवत होते.

भाऊबिजेला त्यांनी केवलकाकांना बोलावून सांगितलं, आज्ञा देते म्हणून. काका खाली मान घालून बसले, त्यांनाही रडू आलं. काकूंची एक इच्छा आहे, अट नव्हे म्हणाल्या. एक रात्र तू त्या खोलीत झोपावंस. संध्याकाळी दिवस मावळायच्या आत त्यांच्या हातचं जेवावंस, तुझ्या ताटात त्या वाढणार. सकाळी उठून जा. मग त्या चारचौघांत उभ्या राहून आज्ञा देतील आणि डोळ्यांत पाणी आणणार नाहीत. हे शेवटचं कसं जमणार कोण जाणे.

मी हरले. तू जिंकलीस. चारही भिंती झाल्यात, वास गेलाय. ये.

अमू


अहिल्यानगर
१९ जानेवारी २०२५

अमू,

चातुर्मास संपला, चालत चालत इथवर आलो. मम्मीचा होकार वाचला तेव्हा मी रस्त्याकडेला लिंबाखाली बसून घेतलं. मंचरला दीक्षा ठरत होती आणि त्याआधी घरी एक रात्र, हे मी मनात पक्कं केलं होतं. काय घालून येऊ, हेसुद्धा ठरवलं होतं. हस आता.

पण महासतीजी इथं येऊन आजारी पडल्या. त्यांना पुढं चालणं शक्य नाही आणि डोली-खुर्ची त्यांना नको आहे. त्यांच्याच हातून दीक्षा व्हावी असं मला वाटतं, म्हणून आता फेब्रुवारीत इथंच होईल. पप्पांना कळवलंय.

पत्रात मी एवढंच लिहून थांबू शकले असते. मम्मीला तेवढंच सांगितलंय. तुला खरं सांगते. मला अजून गाडीत बसायची बंदी नाही. माझा भाऊ, कल्पेशदादा, सकाळी गाडी घेऊन आला असता, रात्र घरी काढून दुसऱ्या दिवशी मी परत इथं आले असते. महासतीजी स्वतः म्हणाल्या, "जाऊन ये." मीच नाही म्हटलं. अमू, मला भीती वाटते. त्या खोलीत झोपले, सकाळी मम्मीनं हाक मारली, तर मी उठेन की नाही याची मला खात्री नाही. मी तितकी पक्की नाही, जितकी सगळे समजतात.

हे मम्मीला सांगू नकोस. तिला घेऊन ये. ती रागावली तरी तिला आण. एवढी एक रात्र सोडून दे म्हणावं.

दीक्षेनंतर मी पत्रं लिहिणार नाही, आमच्यात चालत नाही. तेव्हा हे शेवटचं. माझ्याशी एवढं भांडलीस, तेवढं दुसरं कुणी भांडलं नाही. तुझं भलं होवो.

सिद्धी


बोरी बुद्रुक
६ एप्रिल २०२५

सिद्धे,

तुझं नवीन नाव मला लिहिता येईना. दोनदा लिहिलं, खोडलं. उत्तर येणार नाही हेही ठाऊक आहे. पुण्याच्या वाटेवर तुम्ही थांबाल तिथं कुणीतरी हे वाचून दाखवेल, नाहीतर नाही.

अहिल्यानगरच्या मांडवात काकू कशा उभ्या राहिल्या ते तू पाहिलंस. ठरल्याप्रमाणं डोळ्यांत पाणी आणलं नाही. परतताना गाडीत मात्र आळेफाट्यापर्यंत माझा हात असा धरून ठेवला की बोटं काळीनिळी झाली. एका रात्रीबद्दल शब्द काढला नाही. मीही तुझं खरं कारण सांगितलं नाही.

आता गेल्या आठवड्यातलं लिहिते. तू होतीसच तिथं. पण तुम्ही जमिनीकडं बघत चालता, म्हणून मला जे दिसलं ते तुला दिसलं नसणार.

थोरल्या महासतीजी अहिल्यानगरलाच थांबल्या आणि तुम्ही नारायणगावच्या स्थानकात उतरल्याचं कळलं आणि काकूंनी मला फोन केला, "उद्या गोचरीला, भिक्षा घ्यायला, आमच्या गल्लीत येतील. तू ये." मी म्हटलं, माझं काय काम? म्हणाल्या, "तू ये गं." तर मी आले. तुम्हा साध्वींसाठी म्हणून वेगळं काही शिजवायचं नसतं, म्हणून त्यांनी रोजच्यासारखाच घरापुरता स्वयंपाक केला, पण फुलके स्वतः लाटले, रीनावहिनींना हात लावू दिला नाही. कच्च्या, म्हणजे न उकळलेल्या पाण्याची भांडी, हिरवी भाजी, सगळं दूर सरकवलं. नवं लुगडं नेसल्या नाहीत, नेहमीचंच. मला म्हणाल्या, "एक तरी फुलका घेईल ना?" घरातल्या घरात त्या चारदा दारापर्यंत गेल्या असतील.

तुम्ही दोघी जिना चढून आलात. दुसऱ्या महासतीजी "दया पाळो" म्हणाल्या, तुझा आवाज मला ऐकू आला नाही. काकूंनी हात जोडून वंदना केली आणि फुलक्यांचं ताट घेऊन पुढं आल्या. तू पात्र पुढं धरलंस. पांढऱ्या कपड्यात, डोक्यावर केस नाहीत, तोंडावर मुहपत्तीची पट्टी. तुझे डोळे तेवढे ओळखीचे आणि तेही खाली. मी तुझ्या खोलीच्या उंबऱ्यात उभी होते. तू आणि ती खोली यांच्यामध्ये फक्त काकू होत्या.

काकूंनी ताट शेजारच्या स्टुलावर टेकवून फुलका उचलला. तुझ्याकडं बघितलं. आणि काय झालं कुणास ठाऊक, त्यांचं तोंड एकदम लहान पोरीसारखं झालं, म्हणाल्या, "तुझी खोली बघ ना गं," आणि दुसऱ्या हातानं खोलीच्या दिव्याचं बटण दाबलं.

सगळी भिंत उजळली. खरं सांगते, एवढी चांगली ती मला कधीच दिसली नव्हती. मी हसायलाच लागले होते. तेवढ्यात केवलकाका "अगं—" म्हणाले आणि दुसऱ्या महासतीजी हळूच म्हणाल्या, "असूझता." तू पात्र मागं घेतलंस. झोळीचं तोंड बांधलंस. तुम्ही दोघी वळलात आणि जिना उतरून गेलात.

मला काही कळेना. काकांना विचारलं, काय झालं, का गेल्या? काका भिंतीला टेकून उभे होते. म्हणाले, भिक्षा देणाऱ्यानं देताना दिवा लावला, विस्तव किंवा कच्चं पाणी हाताळलं, तर त्यात जीव मरतात. मग ते असूझता, त्याच्या हातून साधूंना घेता येत नाही, त्या दिवशी त्या घरचं काहीच घेता येत नाही. "सुमतीला चार वर्षांची असल्यापासून माहीत आहे," काकूंकडं बघत म्हणाले. "आमच्यात पोरंसुद्धा असं करत नाहीत."

काकू तशाच उभ्या. फुलका हातात. शेजारच्या घरात तुम्ही शिरलात ते गॅलरीतून दिसत होतं. त्या बाईनं फुलका दिला, तू अर्धा मोडून घेतलास, अर्धा परत ठेवलास. तिच्या हातचा घेतलास, सिद्धे. तुझा काही गुन्हा नाही, मला समजतं. पण मी त्या गॅलरीत उभी राहून एवढी मोठ्यानं रडले की खाली दुकानातली गिऱ्हाइकं वर बघायला लागली.

काकू रडल्या नाहीत. त्या आत आल्या, पलंगावर बसल्या, आणि मला जवळ बोलावून हळूच विचारलं, "पण तिनं भिंत बघितली ना? तू समोरच होतीस. दिवा लागला तेव्हा तिनं वर बघितलं ना?"

मी समोरच होते. तू वर बघितलं नव्हतंस. एकदाही नाही. दिवा लागला तेव्हा तर डोळे मिटून घेतले होतेस.

मी म्हटलं, "बघितली, काकू. डोळे भरून बघितली."

"उशाकडचीसुद्धा?"

"ती तर सगळ्यात आधी."

त्यांना एवढं बरं वाटलं की उठून त्यांनी मला जेवायला वाढलं, तुझ्यासाठी उचललेला तोच फुलका. तो मी कसा गिळला ते मला माहीत.

आता त्या रोज फोन करतात. म्हणतात, "कशी बघत होती, ते परत एकदा सांग." आणि मी रोज सांगते.

अमू